क्रॉफर्ड मार्केट ते महात्मा फुले मंडई : दीडशे वर्षांची वाटचाल

शतकोत्तर सुवर्णमहोत्सवाच्या स्मरणिकेसाठी मंडईचा इतिहास लिहायला बसलो आणि पहिल्याच ओळीला अडलो. नाव कोणते लिहायचे? पाटीवर ‘महात्मा ज्योतिबा फुले मंडई’ आहे. टॅक्सीत बसणारे गिऱ्हाईक ‘क्रॉफर्ड मार्केट’ म्हणते. आत ओट्यावर बसणारा माणूस नुसते ‘मार्केट’ म्हणतो, आणि मुंबईत जणू दुसरे मार्केटच नाही, अशा थाटात म्हणतो. तिन्ही नावे खरी आहेत. प्रसंगाप्रमाणे तिन्ही वापरतो. वाचकांनी चालवून घ्यावे.

1860 ते 1869 : कोट पडला, मंडई उभी राहिली

गोविंद नारायण माडगावकरांचे ‘मुंबईचे वर्णन’ 1863 साली निघाले. त्यात ही मंडई नाही, कारण ती अजून जन्माला यायची होती. गव्हर्नर सर बार्टल फ्रिअर यांच्या काळात किल्ल्याचा कोट पाडायला घेतला होता. कोटाबाहेरच्या मोकळ्या मैदानावर कोणकोणत्या इमारती उभारायच्या, याचे नकाशे तयार होत होते. अमेरिकेतल्या यादवी युद्धामुळे इंग्लंडच्या गिरण्यांना तिकडचा कापूस मिळेना, तो इथून जाऊ लागला आणि शहरात पैशांचा पाऊस पडला. पोटासाठी माणसे लोटली. 1864 च्या शिरगणतीत मुंबईची वस्ती 8,16,562 भरली. एवढ्या तोंडांना लागणारी भाजी, फळे, मासळी आणि मटण मात्र जुन्या, दाटीवाटीच्या आणि गटारांना खेटून असलेल्या बाजारांतच विकले जाई.

1865 साली आर्थर क्रॉफर्ड मुंबईचे पहिले म्युनिसिपल कमिशनर झाले. हा माणूस धडाडीचा आणि तितकाच उधळ्या हाताचा. शहर स्वच्छ करायचे तर आधी बाजार सुधारला पाहिजे, हे त्यांनी ओळखले. जनावरे कापण्याची जागा त्यांच्याच कारकिर्दीत, 1867 साली, शहराबाहेर वांद्र्याला गेली. त्याच हिशोबातला दुसरा भाग म्हणजे आपली मंडई.

आराखडा विल्यम एमर्सन यांचा. त्यांचा जन्म 1843 चा, म्हणजे मुंबईत हे काम हाती आले तेव्हा वय विशी-पंचविशीतले. पुढे कलकत्त्याचे व्हिक्टोरिया मेमोरियल याच माणसाने आखले, पण पहिली उमेदवारी आपल्या दारात झाली. भिंतींना कुर्ल्याचा पिवळसर दगड आणि जोडीला वसईचा लाल दगड. कोपऱ्यावर 128 फूट उंचीचा घड्याळाचा मनोरा. छप्पर पेलणारे लोखंड विलायतेहून आले आणि पायाखालच्या फरशा थेट स्कॉटलंडमधल्या केथनेसहून. गिऱ्हाइकाच्या पायाखाली एवढ्या लांबचा दगड कशाला, असे कोणी विचारले तर उत्तर सोपे आहे. मंडईची फरशी दिवसातून कितीदा धुतली जाते, हे एकदा सकाळी उभे राहून पाहावे.

एमर्सन यांनी उन्हाचा आणि वाऱ्याचा विचार नीट केला होता. छप्पर उंच आणि उतरते ठेवले, उजेड वरून घेतला, पण ऊन मालावर पडू दिले नाही. एका पंखात फळे-फुले, दुसऱ्या लांब पंखात भाजी आणि मसाले. मटण आणि मासळी मात्र या पंखांपासून दूर, मधला बगिचा ओलांडून पलीकडे. हा मधला मोकळा चौक म्हणजे साऱ्या मांडणीचा प्राण. चारी बाजूंच्या गाळ्यांना हवा तिथून मिळायची, आणि पाटी उतरवून घटकाभर टेकायची जागाही तीच.

चौकात कारंजे आले ते सर कावसजी जहांगीर रेडीमनी यांच्या देणगीतून. आराखडा एमर्सन यांचा आणि कोरीवकाम जॉन लॉकवूड किपलिंग यांचे. किपलिंग 1865 साली समोरच्या सर ज. जी. कला शाळेत शिल्पकला शिकवायला आले होते. त्यांनी कारंज्यावर नदीदेवता आणि प्राणी कोरले, आणि प्रवेशदारांवर आपल्याकडच्या कष्टकरी शेतकऱ्यांचे देखावे उठवले. आपल्या दारावर शेतात राबणारा माणूस आला. रोज हजारो माणसे या शिल्पाखालून जातात, मान वर करून पाहणारे फार थोडे. या अंकाच्या निमित्ताने निदान आपल्या गाळेधारकांनी तरी एकदा पाहावे.

1869 साली इमारत पुरी झाली. पण मधल्या काळात अमेरिकेतले युद्ध थांबले होते आणि 1865 मध्ये कापसाचा फुगा फुटून भलेभले दिवाळखोर झाले होते. 1872 च्या शिरगणतीत वस्ती 6,44,405 वर उतरली. म्हणजे फुगलेल्या शहरासाठी आखलेली मंडई ओसरत्या शहरात उघडली. पहिल्या पिढीतल्या विक्रेत्यांनी भाडे कसे भागवले असेल, याचा विचार आला की त्यांच्याबद्दल आदर वाटतो.

1870 ते 1880 : एका मुलाची आठवण आणि तीन आण्यांची ट्राम

किपलिंग यांचा मुलगा रुडयार्ड 1865 च्या डिसेंबरात कला शाळेच्या आवारातच जन्मला आणि 1871 साली विलायतेला गेला. आत्मचरित्र लिहायला बसला तेव्हा त्याला सर्वांत आधी आठवली ती आयेबरोबर पहाटे फळबाजाराकडे जाण्याची फेरी आणि तिथले रंग. मोठेपणी या लेखकाने आपल्या देशाबद्दल जे लिहिले ते सगळे आपल्याला मान्य होण्यासारखे नाही. पण नव्या मंडईची फळे मुलाच्या उंचीवरून कशी दिसत होती, हे टिपून ठेवणारा तोच.

क्रॉफर्ड यांचा काळ मात्र सरला. शहर सुधारले, पण तिजोरीत खडखडाट झाला. करदाते खवळले आणि 1871 मध्ये त्यांना जावे लागले. त्या गदारोळात तरुण फिरोजशहा मेहता यांनी वेगळी भूमिका घेतली. दोष एका माणसाचा नसून लोकांच्या हाती कारभार नसल्याचा आहे, असे त्यांचे म्हणणे होते. पुढे 1872 चा कायदा झाला आणि 1873 मध्ये निवडलेले सभासदही असलेली कॉर्पोरेशन बसू लागली. आपली मंडई ज्या खर्चामुळे गाजली, त्याच खर्चाच्या वादातून शहराला लोकप्रतिनिधी मिळाले, असे म्हटले तर फार अतिशयोक्ती होणार नाही.

9 मे 1874 रोजी घोड्यांची ट्राम सुरू झाली. एक मार्ग कुलाब्याहून आपल्या मंडईवरून पायधुणीला जाई आणि भाडे होते तीन आणे. ज्यांना घोडागाडी परवडत नव्हती, त्या घरांतली माणसेही आता किल्ल्याच्या बाजूने बाजारहाटाला येऊ लागली.

1880 ते 1890 : एक वर्षाचा विजेचा दिवा

मुंबईत विजेचा दिवा पहिल्यांदा लागला तो 1882 साली आपल्या मंडईत. ईस्टर्न इलेक्ट्रिक लाइट अँड पॉवर कंपनीने म्युनिसिपालिटीशी करार केला आणि गॅसच्या पिवळ्या उजेडाला सरावलेल्या भाज्या एकदम विजेखाली आल्या. हौस वर्षभर पुरली. दुसऱ्याच वर्षी कंपनीचे दिवाळे वाजले आणि मंडई मुकाट्याने पुन्हा गॅसवर गेली. शहर नवी गोष्ट आधी इथे करून पाहते, असे यापुढेही दिसेल. ती फसली तर मंडई आपल्या जुन्या वाटेने चालू लागते. विक्रेत्याला उजेड हवा असतो, त्या उजेडाचा इतिहास नको असतो.

याच दशकात क्रॉफर्ड यांचे नाव पुन्हा गाजले, पण वाईट कारणाने. ते मध्य विभागाचे कमिशनर असताना मामलेदारांच्या बदल्या-बढत्यांसाठी पैसे खाल्ले जातात, असा आरोप 1888 साली उघड झाला. चौकशीत लाचेच्या आरोपातून ते सुटले, पण हाताखालच्या मुलखातल्या लोकांकडून कर्जे घेतल्याबद्दल नोकरी गेली. पैसे दिल्याची कबुली देणारे मामलेदार मात्र अडचणीत आले, आणि त्यांची बाजू लोकमान्य टिळकांनी हिरिरीने मांडली. मंडईजवळचा जुना कारनॅक रोड आज लोकमान्य टिळक मार्ग आहे. क्रॉफर्ड यांच्या नावाची मंडई आणि तिच्या अंगाला टिळकांच्या नावाचा रस्ता, ही जोडी कोणी ठरवून केली असती तर इतकी जमली नसती.

1890 ते 1930 : प्लेग, वीज, बस

1896 च्या सप्टेंबरात मांडवीत प्लेग निघाला. मांडवी म्हणजे मंडईपासून हाकेच्या अंतरावर. काही महिन्यांत शहरातली लाखो माणसे गावाकडे निघून गेली. गिऱ्हाईक नाही, हमाल नाही, माल आणणारा शेतकरी शहरात पाऊल टाकायला तयार नाही. मंडईने तेही दिवस काढले. ज्यांनी त्या दिवसांत ओटा सोडला नाही त्यांची नावे कोणत्याही कोनशिलेवर नाहीत.

शतक उलटल्यावर वाहतुकीने मंडईचे रूप पालटले. 7 मे 1907 रोजी विजेवरची पहिली ट्राम निघाली ती म्युनिसिपालिटीच्या कचेरीसमोरून, आणि तिने पहिली धाव घेतली क्रॉफर्ड मार्केटकडे. 15 जुलै 1926 रोजी मुंबईची पहिली मोटारबस धावली, अफगाण चर्च ते क्रॉफर्ड मार्केट. पहिला विजेचा दिवा, पहिली विजेची ट्राम, पहिली बस. शहरात नवे काही आले की ते आधी मंडईच्या दारात आले. कारण उघड आहे: गर्दी इथे होती.

या गर्दीमागे आसपासच्या बाजारांचाही हात होता. मंगलदास मार्केट आणि मुळजी जेठा मार्केटात कापड, झवेरी बाजारात सोने. लग्नाची खरेदी काढून निघालेले कुटुंब दिवसभर या गल्ल्या पालथ्या घाली आणि संध्याकाळी परत निघताना मंडईतून फळांची करंडी घेई. अजूनही क्रम फारसा बदललेला नाही. शेवटी समोरच्या ‘बादशहा’ या दुकानात फालुदा, हेही अजून तसेच आहे.

1930 ते 1950 : लढाई, रेशन आणि पुढे नवे नाव

दुसऱ्या महायुद्धात धान्याची टंचाई झाली आणि 1943 साली मुंबईत रेशन आले. धान्यावर कार्ड आले, भाजीपाल्यावर नाही. त्यामुळे कुटुंबांचा भार मंडईवर जास्त पडू लागला. 14 एप्रिल 1944 रोजी व्हिक्टोरिया गोदीत दारूगोळ्याने भरलेले जहाज फुटले. त्या स्फोटाने आणि आगीने मांडवीची वस्ती होरपळली आणि बंदरावर उतरणाऱ्या मालाची साखळी तुटली.

पुढे मंडईला महात्मा ज्योतिबा फुले यांचे नाव मिळाले. यात एक गंमत आहे आणि ती लपवण्याचे कारण नाही. जोतीराव पुणे म्युनिसिपालिटीचे सभासद असताना पुण्यात नवी मोठी मंडई बांधायचा बेत निघाला, तेव्हा त्यांनी विरोध केला होता. एवढा पैसा इमारतीत घालण्यापेक्षा मुलांच्या शिक्षणावर घाला, हा त्यांचा आग्रह. आज पुण्याची तीही मंडई त्यांच्याच नावाने ओळखली जाते आणि मुंबईची हीसुद्धा. त्यांच्या घराण्याचा धंदा फुलांचा आणि भाजीचा. त्या नात्याने नाव शोभते. खर्चाबद्दलचा त्यांचा प्रश्न मात्र अजून खुला आहे. मंडईत काम करणाऱ्यांच्या मुलांच्या शिक्षणाची चिंता हीच या नावाची खरी परीक्षा.

1950 ते 1990 : फळांचे राज्य

मंडईच्या जुन्या माणसांना तारुण्य आठवते ते याच चाळीस वर्षांतले. मुंबईचा घाऊक फळबाजार इथे होता. नाशिकची द्राक्षे, नागपूरची संत्री, वसईची केळी, आणि मार्च लागला की कोकणचा हापूस. आधी आंबा बोटींनी यायचा, मग ट्रकांनी. पेट्या फुटल्या की गवताचा आणि पिकल्या आंब्याचा एकत्र वास चौकात दाटायचा. तो वास ज्यांनी घेतला आहे त्यांना तो अजूनही आठवतो, आणि ज्यांनी घेतला नाही त्यांना सांगून कळत नाही.

घाऊक सौदा व्हायचा हत्त्यावर. आडत्याचा आणि खरेदीदाराचा हात एका रुमालाखाली, आणि भाव ठरतो बोटांच्या दाबाने. तोंडाने शब्द नाही, वहीत आकडा नाही, आणि आजूबाजूला उभ्या असलेल्या दहा जणांना पत्ता नाही. बाहेरच्या माणसाला ही पद्धत संशयास्पद वाटे, आणि माल पाठवणाऱ्या शेतकऱ्यांच्या तक्रारीही त्यावर होत्या. त्या तक्रारींत तथ्य नव्हते असे म्हणता येणार नाही. पण दिलेला शब्द फिरवणाऱ्याला त्या चौकात पुन्हा कोणी हात देत नसे, हेही तितकेच खरे.

बागवान कुटुंबे फळांत, वसईकर केळ्यांत, कोळिणी मासळीत, आणि या सगळ्यांचा भार डोक्यावर घेणारे पाटीवाले. डोक्यावर चुंबळ, चुंबळीवर रुंद पाटी, पाटीत गिऱ्हाइकाची आठवड्याची भाजी. गिऱ्हाईक बाई पुढे चालतात, भाव करतात, आणि पाटीवाला मागे शांतपणे उभा असतो. माल कुठे चांगला आहे हे त्याला ठाऊक असते, पण विचारल्याशिवाय तो सांगत नाही. विचारले, तर एका नजरेने सांगतो.

परदेशी मालावर बंधने असलेल्या त्या काळात चॉकलेटचा डबा, चीज किंवा सुका मेवा हवा असेल तर मुंबईकर इथेच येई. पाळीव प्राण्यांचा आणि पक्ष्यांचा बाजारही मंडईत भरे. 1972 च्या वन्यजीव कायद्याने आणि त्यानंतरच्या दुरुस्तीने देशी पक्ष्यांच्या व्यापाराला आळा बसला आणि पिंजऱ्यांच्या रांगा विरळ झाल्या. त्या धंद्यातल्या काही कुटुंबांना त्रास झाला. कायदा मात्र योग्य होता, असेच आम्हाला वाटते.

1964 च्या मार्चअखेरीस शहरातली शेवटची ट्राम बंद झाली. ज्या रस्त्यावर 1907 मध्ये पहिली विजेची ट्राम गर्दीतून वाट काढत आली होती, तिथे हातगाड्या, टॅक्सी आणि बस यांची कोंडी तेव्हापासून आजतागायत आहे.

1990 ते 2000 : घाऊक बाजार गेला

1992-93 च्या दंगलींचे दिवस मंडईने आपल्या पद्धतीने काढले. इथल्या गाळ्यांत सर्व धर्मांची माणसे शेजारी शेजारी बसतात. एकमेकांच्या मालावर लक्ष ठेवणारे शेजारी त्या दिवसांतही शेजारीच राहिले. यापेक्षा जास्त लिहायची गरज वाटत नाही.

1995 साली मुंबईच्या वारसा इमारतींसाठी नियमावली लागू झाली आणि मंडई पहिल्या श्रेणीत आली. पण ज्या वर्षांत इमारतीला मान मिळाला त्याच वर्षांत तिचा मोठा धंदा गेला. 1996 च्या मार्चमध्ये घाऊक फळबाजार नव्या मुंबईला, वाशीच्या बाजार समितीत हलवला गेला. शहराच्या मध्यभागी ट्रकांची कोंडी सोसणे शक्य नव्हते, हे कारण बरोबर होते. तरीही ऐन आंब्याच्या मोसमाच्या तोंडावर चौक एकाएकी मोकळा दिसू लागला, तेव्हा अनेकांना पहाटे उठायचे कशासाठी हेच कळेना. काही आडते गेले, काहींनी किरकोळ विक्रीवर जम बसवला. या स्थित्यंतरात मतभेद झाले, पण ते उगाळण्यात आता अर्थ नाही. त्या वेळी ज्यांनी बैठका घेतल्या, निवेदने दिली आणि दोन्ही बाजूंना एकत्र बसवले, त्या सर्वांचे मंडईवर ऋण आहे.

2000 ते 2019 : जतन

मंडईची जागा 22,471 चौरस मीटर आणि त्यावर मूळ इमारत 5,515 चौरस मीटर. मुंबईत एवढी मोकळी जागा म्हणजे सर्वांच्या डोळ्यांत भरणारी. ती नव्याने बांधावी की जपावी, यावर बरीच चर्चा झाली. वारसाप्रेमी नागरिक आणि गाळेधारक यांच्या आग्रहामुळे मूळ इमारत राखायची असे ठरले. महापालिकेने जतनाचे आणि मागच्या भागाच्या पुनर्रचनेचे काम टप्प्याटप्प्याने हाती घेतले. वर्षानुवर्षांचा धूर झटकून दगड पुन्हा दिसू लागला.

कारंज्याबद्दल थोडे. आम्ही पाहिलेले कारंजे कोरडे होते. नदीदेवतांवर भडक रंगांचे थर चढवलेले, कठड्याला रिकामी खोकी टेकवलेली, आणि दुपारी त्याच्या सावलीत कोणीतरी झोपलेले. रंग देणाऱ्याने प्रेमानेच दिला असणार, पण दगडाचे रूप त्यात बुडून गेले. आता त्याची निगा राखणे सुरू झाले आहे. पाणी आले तर उत्तमच. नाही आले तरी झोपणाऱ्याची सावली तेवढी शाबूत ठेवावी, ही आमची जतन करणाऱ्यांना सूचना.

आज मंडईत किरकोळ फळे, भाजी, मसाले, सुका मेवा, परदेशी खाऊ, घरगुती सामान आणि सणासमारंभाच्या वस्तू विकल्या जातात. मोसमातली पहिली आंब्याची पेटी आली की वर्तमानपत्रांचे छायाचित्रकार अजूनही इथे येतात.

वाचकांना विनंती

या लेखात क्रॉफर्ड, एमर्सन, किपलिंग, कावसजी जहांगीर ही नावे आली, कारण ती कागदोपत्री सापडतात. दीडशे वर्षे ज्यांनी मंडई चालवली त्यांची नावे मात्र घरांघरांत आहेत. कोणाकडे आजोबांचा पाटीवाल्याचा बिल्ला असेल, गाळ्याच्या भाड्याची जुनी पावती असेल, आडतीची लाल वही असेल, ओट्यावर बसलेल्या आजीचे छायाचित्र असेल, तर ते रद्दीत घालू नका. मूळ कागद तुमच्याकडेच ठेवा आणि त्याची नक्कल संपादक मंडळाकडे द्या. त्यांतून निघेल तो मजकूर पुढच्या अंकात, ज्याच्या त्याच्या नावाने छापू.